बायझंटाइन क्रॉनिकल साधन म्हणून कसं वाचायचं: एका नोंदीपासून सुरुवात

बायझंटाइन, म्हणजे पूर्व रोमन, सम्राट दुसऱ्या बासिलने १०१४ साली क्लेइदिओनची लढाई जिंकून पंधरा हजार बल्गेरियन कैद्यांचे डोळे काढले. दर शंभरांमागे एकाचा एक डोळा शाबूत ठेवला, म्हणजे तो बाकीच्यांना वाट दाखवील, आणि ही आंधळ्यांची रांग त्यांच्या राजाकडे, सामुइलकडे परत पाठवली. ते पाहून सामुइल बेशुद्ध पडला आणि दोन दिवसांत मेला. मध्ययुगीन युरोपवरचं कुठलंही लोकप्रिय पुस्तक उघडलं तर ही गोष्ट हमखास भेटते, बहुतेक वेळा खात्रीच्या सुरात.

ही हकीकत या तपशिलात सांगणारा माणूस म्हणजे योआनिस स्किलित्झिस. साम्राज्याची राजधानी कॉन्स्टँटिनोपल (आजचं इस्तंबूल) इथला हा वरिष्ठ न्यायाधीश अकराव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत लिहीत होता. घटना आणि लेखन यांत दोन पिढ्यांहून अधिक अंतर आहे. मग ही गोष्ट खोटी समजायची का? तसंही नाही. अशी नोंद समोर आली की पायरी-पायरीने काय करायचं, ते या लेखात सांगतो. क्लेइदिओनची ही लढाई शेवटपर्यंत हाताशी ठेवू आणि मध्ये जिथे दुसरं उदाहरण जास्त बोलकं असेल तिथे तिकडे वळू.

आधी एक अडचण समजून घ्या

मराठी वाचकाला साधनचिकित्सा नवी नाही. राजवाड्यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड काढला, तेव्हाच प्रस्तावनेत बखरींची कडक झडती घेतली होती. बखरीत काही लिहिलेलं असलं तरी अस्सल पत्र काय म्हणतं ते बघा, हा धडा आपण तेव्हापासून गिरवतो. पत्रं होती म्हणून हे शक्य झालं. पुण्यात पेशवे दफ्तर आहे, रुमालच्या रुमाल बांधून ठेवलेले आहेत.

कॉन्स्टँटिनोपलचं दफ्तर मात्र उरलेलं नाही. करवसुलीच्या वह्या, सेनापतींचे अहवाल, राजदूतांची टिपणं असं जे काही सम्राटाच्या कचेऱ्यांत होतं, ते जवळजवळ सगळं नष्ट झालं. एथोस पर्वतावरच्या लाव्रा, इविरोन अशा मठांनी आपापल्या जमिनींची कागदपत्रं जपली, पण ती मठांपुरती. त्यामुळे हजारेक वर्षांच्या साम्राज्याचा राजकीय इतिहास लिहायचा तर मोठा भार क्रॉनिकलांवर, म्हणजे सनावार नोंदींच्या ग्रंथांवर, आणि इतिहासग्रंथांवर पडतो. बखर बाजूला ठेवून पत्रं उघडण्याची सोय इथे फारशी नाही. म्हणूनच बखर जास्त बारकाईने वाचावी लागते.

माझं सगळं म्हणणं एका प्रश्नात मावतं. ‘हा लेखक विश्वासार्ह आहे का?’ असं विचारू नका. ‘हे वाक्य इथे आलं कुठून?’ असं विचारा. एकाच क्रॉनिकलमधली एक नोंद सरकारी जाहीरनाम्यावरून उतरवलेली असते आणि तिच्या खालची सैनिकांच्या गप्पांतून आलेली. लेखकाला सरसकट प्रमाणपत्र दिलं की दोन्हींवर एकच शिक्का बसतो.

पायरी १: एकच नोंद निवडा

सगळा ग्रंथ वाचून मग विचार करू, असं ठरवलं तर माणूस हरवतो. थिओफॅनिस या नवव्या शतकातल्या भिक्षूचं क्रॉनिकल एकटंच २८४ पासून ८१३ पर्यंत पसरलेलं आहे. एक घटना घ्या, ती नोंद कागदावर उतरवा आणि तिचे तुकडे करा. क्लेइदिओनचे तुकडे असे पडतात: सामुइलने खिंड अडवली. निकिफोरोस क्सिफियास या सेनापतीने डोंगराला वळसा घालून मागून हल्ला केला. तारीख २९ जुलै, बारावं इंडिक्शन (पंधरा वर्षांच्या करचक्रातलं वर्ष, पायरी ४ बघा). सामुइल मुलाच्या मदतीने निसटला. कैदी सुमारे पंधरा हजार. आंधळे केले, दर शंभरांमागे एक एकाक्ष. सामुइलचा धक्क्याने मृत्यू.

हे सात वेगवेगळे दावे आहेत. प्रत्येकाचा खरेपणा वेगळा असू शकतो आणि पुढच्या पायऱ्यांत तो वेगळाच निघेल.

पायरी २: लेखक कुठे उभा होता ते बघा

बायझंटाइन लेखनाचे ढोबळमानाने दोन प्रवाह आहेत. एक क्रॉनिकलचा: आदमपासून किंवा आधीच्या लेखकाने जिथे सोडलं तिथून सुरुवात, वर्षावार किंवा राजवटीवार नोंदी, आधीच्यांचा मजकूर सढळ हाताने उतरवलेला. मलालास, थिओफॅनिस, ‘पास्काल क्रॉनिकल’ या बाजूचे. दुसरा प्रवाह प्राचीन ग्रीक इतिहासकारांच्या धर्तीवर, आपल्याच काळावर, भारदस्त भाषेत लिहिणाऱ्यांचा: सहाव्या शतकातला प्रोकोपियस, बाराव्या शतकातली राजकन्या अन्ना कोम्निनी, १२०४ साली क्रुसेडरांनी राजधानी लुटली तेव्हा तिथे असलेला निकितास खोनियातिस. शकावली आणि बखर यांत आपण जो भेद करतो, त्याच्या जवळ जाणारा हा भेद आहे. कुंपण मात्र पक्कं नाही. मिखाइल प्सेलोसच्या ग्रंथाचं नाव ‘क्रोनोग्राफिया’ असलं तरी तो आहे दरबारातल्या माणसांच्या स्वभावचित्रांचा ग्रंथ.

लेखक ठरला की त्याच्याबद्दल तीन गोष्टी शोधा: तो कधी लिहीत होता, कुठे होता, कोणाच्या बाजूचा होता. स्किलित्झिसचा ‘संक्षेप’ ८११ ते १०५७ हा काळ घेतो. प्रस्तावनेत तो स्वतःच सांगतो की थिओफॅनिसनंतर कोणी नीट लिहिलं नाही, म्हणून आपण अनेकांचे ग्रंथ वाचून, पक्षपात गाळून हे सार काढलं. याचा अर्थ क्लेइदिओनबद्दल तो साक्षीदार नाही. तो संपादक आहे, आणि त्याच्यापुढचे बरेच ग्रंथ आज हरवले आहेत.

पायरी ३: तुमच्या हातात नेमका कोणता मजकूर आहे?

ही पायरी नवखे लोक हमखास गाळतात आणि इथेच सगळ्यात मोठे घोटाळे होतात.

सर्वात धडा देणारं उदाहरण १४५३ चं, तुर्कांनी कॉन्स्टँटिनोपलला घातलेल्या वेढ्याचं आहे. योर्गिओस स्फ्रांत्झिस हा शेवटच्या सम्राटाचा विश्वासू माणूस होता आणि वेढ्याच्या वेळी शहरात होता. त्याच्या नावावर दोन ग्रंथ चालत आले, एक छोटा आणि एक मोठा. मोठ्यात वेढ्याचं रसभरीत, दिवसागणिक वर्णन आहे. गिबनसारख्या इतिहासकाराने त्यावर भिस्त ठेवली. विसाव्या शतकात संशोधकांनी दाखवून दिलं की मोठा ग्रंथ सोळाव्या शतकात मोनेमव्हासियाचा धर्माधिकारी माकारिओस मेलिसिनोस याने छोट्यात भर घालून रचला. स्फ्रांत्झिसचा अस्सल ग्रंथ छोटाच, आणि त्यात वेढ्यावर मोजकाच मजकूर आहे. त्यात एक आकडा मात्र सोन्याच्या मोलाचा आहे: सम्राटाच्या हुकमावरून त्याने स्वतः केलेली शहराच्या रक्षकांची मोजणी, ४,७७३ ग्रीक आणि सुमारे २०० परदेशी. जुन्या पुस्तकात स्फ्रांत्झिसच्या नावाने वेढ्याचं लांबलचक वर्णन दिसलं, की लगेच थांबा.

आवृत्त्यांबद्दल थोडं. १८२८ मध्ये नीबुरच्या पुढाकाराने बॉन इथे बायझंटाइन इतिहासकारांची मोठी ग्रंथमाला सुरू झाली. ग्रीक मजकूर आणि खाली लॅटिन भाषांतर असलेले हे खंड इंटरनेटवर स्कॅन करून ठेवलेले आहेत आणि फुकट मिळतात. पण त्यांतले बरेच खंड जुन्या छापील प्रतींवरून घाईने काढलेले आहेत. भांडारकर संस्थेच्या महाभारतामुळे ‘चिकित्सित आवृत्ती’ म्हणजे काय हे आपल्याला माहीत आहे. तशी आवृत्ती उपलब्ध असेल तर तीच घ्यावी. थिओफॅनिससाठी द बोर याची १८८३ ची, स्किलित्झिससाठी हान्स थुर्न याची १९७३ ची. इंग्रजी भाषांतरावरून काम सुरू करायला काहीच हरकत नाही. फक्त प्रस्तावना आणि तळटीपा असलेलं भाषांतर निवडा, कारण पाठभेदांची माहिती तिथेच असते.

पाठभेद किती महत्त्वाचे असतात? स्किलित्झिसच्या एका हस्तलिखितात बाराव्या शतकाच्या सुरुवातीला देवोलचा बिशप मिखाइल याने बल्गेरियाच्या युद्धाबद्दल ठिकठिकाणी भर घातलेली आहे. हा त्या प्रदेशातला माणूस, त्यामुळे त्याने दिलेली नावं आणि तपशील मोलाचे आहेत. पण ते स्किलित्झिसचे नाहीत. नोंद करताना ‘मूळ’ आणि ‘मिखाइलची भर’ असे दोन रकाने ठेवावे लागतात.

मलालासच्या बाबतीत परिस्थिती उलटी. त्याचा ग्रीक मजकूर मुख्यतः ऑक्सफर्डच्या एकाच हस्तलिखितावर टिकून आहे, आणि तो मूळ ग्रंथाचा काटछाट झालेला अवतार आहे. गाळलेला भाग शोधायचा तर जुनं स्लाव भाषांतर, ‘पास्काल क्रॉनिकल’ आणि थिओफॅनिस चाळावे लागतात. तेव्हा ‘मलालास याबद्दल गप्प आहे’ असं वाक्य लिहिण्याआधी दहा वेळा विचार करा. गप्प बसलेला कदाचित त्याचा नकलनवीस असेल.

पायरी ४: तारीख सोडवा

मला स्वतःला ही पायरी सगळ्यात आवडते, कारण इथे उत्तर बरोबर की चूक हे खरोखर कळतं.

बायझंटाइन वर्ष १ सप्टेंबरला सुरू होतं. सन मोजला जातो जगाच्या उत्पत्तीपासून. त्याला आपण सृष्टिवर्ष म्हणू. घोळ असा की उत्पत्तीची तारीख सगळे एकच धरत नाहीत. पुढे रूढ झालेल्या बायझंटाइन गणनेत सृष्टिवर्षातून ५५०८ वजा केले की जानेवारी ते ऑगस्टसाठी इसवी सन मिळतो, आणि ५५०९ वजा केले की सप्टेंबर ते डिसेंबरसाठी. थिओफॅनिस मात्र अलेक्झांड्रियाची गणना वापरतो. त्याच्यासाठी वजा करायचे आकडे ५४९२ आणि ५४९३. चुकीची गणना लावली तर एकदम सोळा वर्षांचा फरक पडतो.

दुसरं साधन म्हणजे इंडिक्शन. करआकारणीसाठी सुरू झालेलं हे पंधरा वर्षांचं चक्र आहे. चक्राचा क्रमांक देत नाहीत, फक्त चक्रातलं वर्ष देतात: पहिलं, दुसरं, पंधरावं. काढायची रीत सोपी. जानेवारी ते ऑगस्टमधली घटना असेल तर इसवी सनात ३ मिळवा, सप्टेंबर ते डिसेंबरमधली असेल तर ४. बेरजेला १५ ने भागा. उरलेली बाकी म्हणजे इंडिक्शन. बाकी शून्य आली तर पंधरावं.

क्लेइदिओनवर लावून बघू. जुलै १०१४, म्हणजे १०१४ अधिक ३, बरोबर १०१७. पंधराने भागल्यावर बाकी १२. स्किलित्झिस म्हणतो बारावं इंडिक्शन. जुळलं.

आता थोडी अवघड गाठ. थिओफॅनिस सृष्टिवर्ष ६२३२ खाली कॉन्स्टँटिनोपलच्या भयंकर भूकंपाची नोंद देतो: २६ ऑक्टोबर, नववं इंडिक्शन, बुधवार, आठवा प्रहर. शेवटचा शब्द तास मोजण्याच्या त्यांच्या पद्धतीचा आहे. सूर्योदयापासून मोजलेला आठवा तास, म्हणजे दुपार. सृष्टिवर्षावरून हिशेब करा. ऑक्टोबर आहे, म्हणून ५४९३ वजा करायचे. उत्तर येतं ७३९. आता इंडिक्शनवरून. ७३९ अधिक ४, म्हणजे ७४३, भागिले पंधरा, बाकी ८. नववं हवं होतं. ७४० घेतलं तर ७४४, बाकी ९. म्हणजे एकाच नोंदीतली दोन घड्याळं एका वर्षाने वेगळी वेळ दाखवतात.

कोणावर विश्वास ठेवायचा? नोंदीत वारही आहे. २६ ऑक्टोबर ७३९ ला सोमवार येतो, ७४० ला बुधवार. भूकंप ७४० चा, इंडिक्शन बरोबर, सृष्टिवर्षाचा मथळा एक वर्ष मागे. थिओफॅनिसच्या ग्रंथात सातव्या आणि आठव्या शतकांतल्या लांबलचक भागांत ही एक वर्षाची फट राहिलेली आहे. त्यामागच्या कारणांवर बरंच लिहिलं गेलंय. वाचकाने एवढं लक्षात ठेवलं तरी काम होतं, की मथळ्यातलं सृष्टिवर्ष हे संकलकाच्या चौकटीतून आलेलं असतं आणि नोंदीच्या आतलं इंडिक्शन, तारीख, वार हे बहुधा त्याने ज्यावरून उतरवलं त्या कागदातून. आतलं बाहेरच्यापेक्षा जुनं असतं. ‘हे वाक्य आलं कुठून’ याचं उत्तर कधीकधी असं तारखेच्या शिवणीवरच सापडतं.

वार काढायला इंटरनेटवर साधनं आहेत. फक्त ज्युलियन कॅलेंडर निवडलंय ना, ते बघा. ग्रेगोरियन कॅलेंडर मागे ताणून लावलं तर वार चुकतात आणि बिचाऱ्या क्रॉनिकलवर उगाच आळ येतो.

आकाशही मदतीला येतं. लिओ डीकन आपल्या इतिहासात २२ डिसेंबर ९६८ च्या खग्रास सूर्यग्रहणाचं वर्णन करतो. तेव्हा तो राजधानीत शिकत होता. झाकल्या गेलेल्या सूर्यबिंबाभोवती कडेने मंद प्रकाशाची पट्टी दिसत होती, असं तो लिहितो. सूर्याच्या प्रभामंडलाचं इतकं स्पष्ट वर्णन त्याआधी क्वचितच सापडतं. ग्रहणाची तारीख गणिताने तंतोतंत जुळते. ग्रहण, धूमकेतू, ईस्टरची तारीख यांतलं काही नोंदीजवळ दिसलं तर सोडू नका.

पायरी ५: साक्षीदार मोजा, पुस्तकं मोजू नका

क्लेइदिओनची हकीकत केद्रिनोस आणि झोनारास या नंतरच्या क्रॉनिकलकारांमध्येही आहे. तीन ग्रंथ म्हणजे तीन पुरावे, असं वाटतं. पण केद्रिनोसने ८११ ते १०५७ चा भाग स्किलित्झिसमधून जवळजवळ शब्दशः उतरवला आहे, आणि झोनारासही त्याच्याच आधाराने लिहितो. बॉनच्या मालेत तर स्किलित्झिसचा हा मजकूर केद्रिनोसच्या नावाखालीच छापला गेला, म्हणून एकोणिसाव्या शतकातली पुस्तकं ‘केद्रिनोस म्हणतो’ असं लिहितात. साक्षीदार एकच.

खरा वेगळा आवाज केकाव्मेनोसचा. स्किलित्झिसच्याच सुमारास, १०७० च्या दशकात, या अनुभवी माणसाने सल्ल्याचं एक पुस्तक लिहिलं. त्यात तो जाता जाता सांगतो की बासिलने चौदा हजार कैदी आंधळे केले. आकडा वेगळा आहे, हेच त्याच्या स्वतंत्रपणाचं लक्षण. मात्र तोही दोन पिढ्यांनंतरचाच. यावरून एवढं ठरतं की १०७० च्या दशकापर्यंत ही गोष्ट सैनिकी वर्तुळांत सर्वांच्या तोंडी होती.

कधीकधी नातं भावंडांचं असतं. थिओफॅनिस आणि पेट्रिआर्क (राजधानीचा धर्मप्रमुख) निकिफोरोस यांचे सातव्या शतकावरचे मजकूर इतके मिळतेजुळते आहेत की दोघांपुढे एकच हरवलेला ग्रंथ होता हे उघड दिसतं. त्यांनी एकमेकांना दुजोरा दिला, असं मग म्हणता येत नाही. उलट थिओफॅनिसच्या अरबांविषयीच्या बऱ्याच नोंदी सिरियातून आल्या, आणि त्याच मुळाचा माग बाराव्या शतकातल्या मिखाइल सिरियनच्या क्रॉनिकलमध्ये आणि आगापिओसच्या अरबी ग्रंथात लागतो. साधा कागद घ्या, प्रत्येक ग्रंथ एका चौकोनात लिहा, कोणी कोणाकडून घेतलं त्याचे बाण काढा. या वंशावळीशिवाय पुढे जाऊ नये, असा माझा आग्रह आहे.

पायरी ६: लेखणी कोणाच्या हातात राहिली?

आठव्या शतकात मूर्तिभंजनाच्या प्रश्नावर साम्राज्य दुभंगलं. पवित्र चित्रांची पूजा नको म्हणणारा पक्ष शेवटी हरला, आणि त्या पक्षाचं लेखन मुद्दाम नष्ट केलं गेलं. आज आपल्याला सम्राट पाचवा कॉन्स्टँटाइन दिसतो तो त्याच्या शत्रूंच्या डोळ्यांनी. थिओफॅनिस त्याला ‘कोप्रोनिमोस’ म्हणतो, म्हणजे विष्ठेच्या नावाचा, आणि बाप्तिस्म्याच्या वेळी या बाळाने पवित्र पात्रात घाण केली अशी कथा सांगतो. याच सम्राटाने राजधानीचा पडका जलवाहिनीपूल दुरुस्त केला आणि बल्गेरियाविरुद्धच्या लढाया जिंकल्या. ती माहितीही थिओफॅनिसच देतो. शत्रूने नाइलाजाने कबूल केलेली गोष्ट सर्वात भक्कम असते. पक्षपाती ग्रंथात अशाच जागा हेरायच्या.

प्रोकोपियसने तर एकाच सम्राटाबद्दल, जस्टिनियनबद्दल, तीन सुरांत लिहिलं: युद्धांचा इतिहास, इमारतींची स्तुती आणि ‘गुप्त इतिहास’ हे विखारी पुस्तक, जे १६२३ पर्यंत छापलंच गेलं नव्हतं.

पायरी ७: आकडे, भाषणं आणि उसने प्रसंग

जानेवारी ५३२ मध्ये कॉन्स्टँटिनोपलमध्ये निका दंगल झाली. जस्टिनियन पळून जाण्याच्या बेतात असताना राणी थिओडोरा उभी राहिली आणि म्हणाली की राजपद हेच उत्तम कफन आहे. हे भाषण जगप्रसिद्ध आहे. ते फक्त प्रोकोपियसमध्ये सापडतं, आणि ते कफनाचं वाक्य ग्रीक साहित्यात आधीपासून चालत आलेलं होतं, मुळात एका जुलमी राजाच्या संदर्भात. मलालासमध्ये भाषण नाही. प्रसंगाला साजेसं भाषण रचून पात्राच्या तोंडी घालणं ही त्या लेखनप्रकाराची मान्य रीत होती, वाचकही ते जाणून होते. म्हणून भाषणातून लेखकाचं मत काढावं, पात्राचं नव्हे.

आकड्यांचं वेगळं. निका दंगलीतल्या मृतांचा आकडा प्रोकोपियस तीस हजारांहून अधिक देतो, मलालास सुमारे पस्तीस हजार. गोल आकडा म्हणजे बहुतेक वेळा ‘पुष्कळ’. स्फ्रांत्झिसचा ४,७७३ वेगळा वाटतो तो याच कारणाने: मोजणारा माणूस, हेतू आणि प्रसंग तिन्ही माहीत आहेत.

आता क्लेइदिओनचे पंधरा हजार. इथे स्किलित्झिसबद्दल मला मनापासून आदर वाटतो, कारण तो आकड्यासोबत ‘असं म्हणतात’ अशी पुस्ती जोडतो. ही पुस्ती लोकप्रिय पुस्तकांतून गळून पडली. पुढे स्वतः स्किलित्झिसच सांगतो की लढाईनंतर लगेच थेस्सालोनिकीचा सेनापती थिओफिलाक्ट वोतानियातिस बल्गेरियनांच्या सापळ्यात सापडून मारला गेला आणि युद्ध आणखी चार वर्षं, १०१८ पर्यंत चाललं. एका दिवसात पंधरा हजार लढवय्ये गमावलेलं राज्य असं लढतं का? शिवाय लढाई २९ जुलैची आणि सामुइलचा मृत्यू ६ ऑक्टोबरचा. कैद्यांना पाहून राजा दोन दिवसांत गेला असेल तर मधले दोन महिने कैदी कुठे होते, याचा पत्ता ग्रंथात नाही.

डोळे काढण्याची शिक्षा मात्र काल्पनिक नव्हती. बंडखोरांना ती नेहमीची होती. ७९७ मध्ये राणी इरिनीच्या माणसांनी तिच्या सख्ख्या मुलाला, सहाव्या कॉन्स्टँटाइनला, आंधळं केलं. तेव्हा काही कैद्यांना ही शिक्षा झाली असणं पूर्ण शक्य आहे. शंका आहे ती संख्येची आणि त्या नाट्यमय मांडणीची.

पायरी ८: जुनी नावं ओळखा

अभिजात ग्रीक वळणाने लिहिणारे तुर्कांना पर्शियन म्हणतात, उत्तरेकडच्या कोणत्याही घोडेस्वार टोळीला सिथियन. स्वतःला ते कायम रोमनच म्हणवतात.

आपल्या वाचकाने एका शब्दाशी विशेष जपून वागावं: ‘इंडियन’. मलालास सांगतो की जस्टिनियनचा दूत ‘इंडियनां’च्या राजाला भेटला, राजा चार हत्तींवरच्या उंच गाडीत उभा होता आणि अंगावर सोन्यामोत्यांचे दागिने होते. वाचताना छाती फुगते, पण हा राजा इथिओपियातल्या अक्सुमचा. तांबड्या समुद्राच्या दोन्ही काठांवरचे लोक मलालासच्या लेखी इंडियनच आहेत. खऱ्या पश्चिम किनाऱ्याचा उल्लेख हवा असेल तर क्रॉनिकल सोडून त्याच शतकातल्या कोस्मास या व्यापाऱ्याकडे जायला हवं. तो ‘कल्लिआना’ नावाच्या बंदराचा उल्लेख करतो, तिथे पर्शियाहून नेमलेला बिशप होता म्हणतो, आणि हे कल्लिआना म्हणजे आपलं कल्याण असं बहुतेक अभ्यासक मानतात.

पायरी ९: ग्रंथाबाहेर पडा

ग्रीकेतर साधनं आधी. सातव्या शतकासाठी सेबिओसच्या नावाने ओळखला जाणारा आर्मेनियन इतिहास, पुढे तबरीचा अरबी ग्रंथ, सिरियाक क्रॉनिकलं. थिओफॅनिसने सांगितलेला, ६७० च्या दशकातला म्हणून ठरून गेलेला अरबांचा कॉन्स्टँटिनोपलचा वर्षानुवर्षांचा वेढा अशाच तुलनेमुळे अलीकडे प्रश्नांकित झाला. काही अभ्यासक आता तो मागे, ६६७ ते ६६९ च्या सुमारास नेतात.

मग वस्तू. शिशाच्या मोहोरा हे बायझंटाइन अभ्यासाचं मोठं बळ आहे. अधिकारी पत्रावर मोहोर लावी, पत्र कुजलं तरी शिसं टिकलं. वॉशिंग्टनच्या डंबार्टन ओक्स संस्थेत अशा सतरा हजारांच्या आसपास मोहोरा आहेत आणि बऱ्याचशा ऑनलाइन पाहता येतात. क्रॉनिकलने दिलेलं नाव आणि हुद्दा मोहोरेवर भेटला की तो माणूस खरा ठरतो. भिंतीही बोलतात. ७४० च्या भूकंपानंतर राजधानीच्या तटाची दुरुस्ती झाली, त्यावर लिओ आणि कॉन्स्टँटाइन या पितापुत्रांची नावं कोरलेली सापडली आहेत.

क्लेइदिओनबाबत बाहेरून मिळतं ते मौन. प्सेलोसने बासिलचं लांब स्वभावचित्र रेखाटलं, त्यात आंधळ्या कैद्यांचा शब्द नाही. बासिलच्या थडग्यावरच्या पद्यात मोहिमांचा अभिमान आहे, पण ‘बल्गेरियनांचा कर्दनकाळ’ ही पदवी नाही. ती बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात, बल्गेरियाशी पुन्हा वैर पेटलं तेव्हा दिसू लागते.

पायरी १०: टिपण लिहा

प्रत्येक तुकड्यापुढे त्याची पत लिहायची. माझं क्लेइदिओनचं टिपण असं होईल. जागा, सेनापती, डोंगराचा वळसा: पक्कं, लष्करी तपशिलांच्या वळणावरून हा भाग लढाईच्या जवळच्या एखाद्या हरवलेल्या वृत्तान्तातून आलेला दिसतो. तारीख: पक्की, इंडिक्शन जुळतं. सामुइलचं निसटणं: पक्कं, तो ऑक्टोबरपर्यंत जिवंत होता. कैद्यांना आंधळं करणं: संभवनीय, दोन स्वतंत्र पण उशिराचे उल्लेख. पंधरा हजार: ऐकीव, लेखकाच्याच शब्दांत. शंभरात एक एकाक्ष आणि राजाचा दोन दिवसांत मृत्यू: फक्त स्किलित्झिसच्या परंपरेत, कालक्रमाशी विसंगत. सरसकट ‘खरं’ किंवा ‘दंतकथा’ लिहिण्यापेक्षा हे टिपण लांब होतं, पण पुढचा अभ्यासक त्यावर उभा राहू शकतो.

सराव करायचा असेल तर निका दंगल घ्या. मलालास, ‘पास्काल क्रॉनिकल’, प्रोकोपियस आणि थिओफॅनिस अशी चार वर्णनं शेजारी ठेवता येतात, चारही भाषांतरात मिळतात. वंशावळ काढताना थिओफॅनिस मलालासवर किती अवलंबून आहे ते तपासा. तारखेपासून सुरुवात करा: जस्टिनियन हातात गॉस्पेल घेऊन हिप्पोड्रोममध्ये (रथशर्यतींच्या मैदानात) आला तो दिवस १८ जानेवारी. तुमचा हिशेब बरोबर असेल तर ५३२ साठी इंडिक्शन दहावं निघेल, थिओफॅनिसच्या सृष्टिवर्ष ६०२४ मधून ५४९२ वजा केल्यावर तेच साल येईल, आणि वार रविवार असेल.